राजकारण आणि आंतरराष्ट्रीय संबंधांचा छोटा कोर्स करायचाय? आधी तो पारखायचा कसा ते बघा

प्रश्न असा आला आहे: "अक्कलकोट रोड एमआयडीसीत माझा टेरी टॉवेलचा छोटा कारखाना आहे. वय ४६, शिक्षण बी.कॉम. थोडा माल इथल्या बाजारात जातो, थोडा निर्यातदारांमार्फत बाहेर. तांबड्या समुद्रातले हल्ले असोत की अमेरिकेचं टॅरिफ, सगळं शेवटी माझ्या ऑर्डरवर येऊन आदळतं आणि मला त्यातलं व्हॉट्सअ‍ॅपवर येतं तेवढंच कळतं. राजकारण आणि आंतरराष्ट्रीय संबंधांचा दोनेक महिन्यांचा कोर्स सुचवा. इंग्रजी वाचतो, पण ऐकून समजायला जड जातं. फुकटचा घ्यावा की पैसे भरून? सर्टिफिकेटचा काही उपयोग होतो का? मुलगी बारावी आर्ट्सला आहे, तिलाही बसवू का?"

मी कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं आणि बरीच वर्षं सोलापुरातच संध्याकाळचे छोटे वर्ग घेतो. परीक्षेसाठी नव्हे, ज्यांना नुसतं समजून घ्यायचंय त्यांच्यासाठी. वर्गात अडते असतात, बँकेतून निवृत्त झालेले असतात, शिक्षिका, वकील, यंत्रमागवाले, सगळे. तुमच्यासारखा प्रश्न घेऊन येणारे त्यात बरेच असतात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

कोर्सचं नाव, विद्यापीठाचा शिक्का, किती तासांचे व्हिडिओ, हे सगळं नंतर बघू. माझी पारख एकच आहे. दोन महिने संपल्यावर तुम्हाला एखादा मूळ कागद, म्हणजे सरकारी अधिसूचना, करार, संयुक्त राष्ट्रांतलं निवेदन, न्यायालयाचा आदेश, स्वतःचा स्वतः वाचता येतो का? निर्णय कुणी घेतला, कुठल्या अधिकारात घेतला, कधीपर्यंत लागू आहे आणि फट कुणासाठी ठेवली आहे, एवढं त्या कागदातून काढता आलं तर कोर्स वसूल. ते जमत नसेल आणि फक्त 'बहुध्रुवीय जगव्यवस्था' यावर दहा मिनिटं बोलता येत असेल, तर तुमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपला आणखी एक वक्ता मिळाला, बाकी काही नाही.

म्हणजे नेमकं काय करायचं ते कांद्यावर दाखवतो. सोलापूरच्या बाजार समितीत कांद्याची आवक किती असते हे इथल्या माणसाला सांगायला नको. ७ डिसेंबर २०२३ या तारखेची विदेश व्यापार महासंचालनालयाची एक अधिसूचना आहे. पान-दीड पानाची. कांद्याचं निर्यात धोरण 'मुक्त'वरून 'निषिद्ध' केलं, ३१ मार्च २०२४ पर्यंत, एवढंच तिचं मुख्य वाक्य. दुसऱ्या दिवसापासून ती लागू झाली. बातम्यांत 'केंद्राने कांदा निर्यातबंदी केली' एवढंच आलं आणि त्यावर सगळीकडे भांडणं झाली. वर्गात मी त्या कागदाच्या प्रती वाटतो आणि सुरुवातीला काहीच बोलत नाही. वाचा म्हणतो.

पहिला प्रश्न अधिकाराचा. कागदावर विदेश व्यापार (विकास व नियमन) अधिनियम, १९९२ याचा उल्लेख आहे. म्हणजे संसदेने एकदा कायदा करून सरकारला हा अधिकार देऊन ठेवलाय, दर वेळी संसदेत जायची गरज नाही. हे कळलं की 'संसदेत चर्चा का नाही झाली' या प्रश्नाचं उत्तर मिळतं आणि 'असा अधिकार असावा का' हा त्याहून चांगला प्रश्न पडतो.

मग सवलतींचं कलम. एकदा वर्गात कांद्याचे एक अडते होते. त्यांनी वरचं सगळं सोडून थेट तिथेच बोट ठेवलं. अधिसूचना निघण्याआधी ज्या मालाचं जहाजावर लोडिंग सुरू झालं होतं तो जाणार. शिपिंग बिल (कस्टम्सकडचा निर्यातीचा अर्ज) भरलंय आणि जहाज बंदरात येऊन लागलंय, तो जाणार. कस्टम्सच्या ताब्यात दिलेला आणि त्यांच्या यंत्रणेत नोंद झालेला माल जाणार. ते म्हणाले, "म्हणजे न्हावाशेव्याला निघून मोहोळजवळ चहाला थांबलेली गाडी मेली की हो सर." हे एक वाक्य माझ्या तासाभराच्या व्याख्यानापेक्षा भारी होतं. धोरण कागदावर एका रेषेने बदलतं आणि त्या रेषेच्या अलीकडे-पलीकडे कोण सापडतो, यालाच राजकारण म्हणतात.

खरी गंमत त्याच्या पुढच्या ओळीत आहे. इतर देशांच्या सरकारांनी विनंती केली आणि केंद्राने परवानगी दिली तर निर्यात करता येईल, असं त्यात म्हटलंय. बंदीच्या कागदातच परराष्ट्र धोरणाला दार ठेवलेलं. पुढे त्या दारातून बांगलादेश, संयुक्त अरब अमिराती, भूतान, बहारीन, मॉरिशस आणि श्रीलंका या सहा देशांना मिळून ९९,१५० टन कांद्याला परवानगी मिळाली आणि पाठवण्याचं काम नॅशनल को-ऑपरेटिव्ह एक्स्पोर्ट्स लिमिटेड या संस्थेकडे गेलं. आता विचारा, हेच सहा देश का? बांगलादेश भारताच्या कांद्यावर किती अवलंबून आहे, हे तिथल्या तेव्हाच्या पंतप्रधान शेख हसीना २०१९ च्या ऑक्टोबरात दिल्लीत आल्या तेव्हाच दिसलं होतं. तेव्हाही भारताने एकाएकी निर्यात थांबवली होती आणि त्यांनी भर सभेत हसत हसत सांगितलं की स्वयंपाक्याला कांद्याशिवाय जेवण करायला सांगावं लागलं. हसून केलेली तक्रारसुद्धा मुत्सद्देगिरीच असते. शेजाऱ्याची रसद आपल्या हातात असणं ही ताकद आहे, पण ती वारंवार वापरली तर शेजारी दुसरं दुकान शोधतो.

मार्च २०२४ मध्ये ही बंदी पुढील आदेशापर्यंत वाढवली गेली आणि ४ मे २०२४ ला उठली. टनामागे ५५० डॉलर किमान निर्यात मूल्य आणि ४० टक्के निर्यात शुल्क लावून उठली, म्हणजे दार उघडलं पण उंबरा उंच ठेवला. सोलापूर आणि माढ्याचं लोकसभेचं मतदान ७ मेला होतं. इथे वर्ग हमखास पेटतो. "मतांसाठीच उठवली!" मी विचारतो, सिद्ध कसं कराल? नाशिक पट्ट्याचं मतदान २० मेला होतं. रब्बीचा कांदा बाजारात आला होता. सरकारकडे उत्पादनाचे अंदाज होते. तारखा जवळजवळ आहेत एवढ्यावर कारण ठरत नाही, पण तारखा जवळ आहेत हे नजरेआडही करायचं नाही. सोलापूर आणि माढा या दोन्ही मतदारसंघांत सत्ताधारी आघाडी हरली हे खरं. कांद्यानेच हरली असं कुणी छातीठोक सांगत असेल तर त्याच्याकडे पुरावा मागायचा. नसेल तर तुम्हीही ते वाक्य बाहेर बोलू नका. हा संयम अंगी बाणवायला माझ्या मते कोर्समधला सगळ्यात जास्त वेळ जायला हवा आणि नेमका तोच बहुतेक कोर्सांत दिला जात नाही.

आता तुमच्या टॉवेलकडे या. अमेरिकेच्या अध्यक्षांचा ६ ऑगस्ट २०२५ चा आदेश काढून बघा, त्यांच्या सरकारी संकेतस्थळावर आहे. भारत रशियाकडून तेल घेतो या कारणावर भारतीय मालावर आधीच्या २५ टक्क्यांवर आणखी २५ टक्के लावले, २७ ऑगस्टपासून. अधिकार कुठला वापरला? १९७७ चा आणीबाणीच्या आर्थिक अधिकारांचा कायदा. तिथल्या राज्यघटनेत आयात शुल्क लावायचा अधिकार काँग्रेसकडे, म्हणजे तिथल्या संसदेकडे आहे, म्हणून तर वाद त्यांच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. आणि सवलतींचं कलम इथेही आहे: २७ ऑगस्टपूर्वी जहाजावर चढलेला आणि १७ सप्टेंबरपूर्वी तिथल्या कस्टम्समधून सुटलेला माल वाचला. मोहोळजवळच्या गाडीचाच हा अमेरिकी अवतार. दिल्ली असो की वॉशिंग्टन, सरकारं असे कागद साधारण एकाच ठेवणीत लिहितात. एक नीट वाचता आला की दुसरा अर्ध्या वेळात वाचता येतो. टॅरिफचे आकडे तेव्हापासून आजपर्यंत एका जागी राहिलेले नाहीत, म्हणून तुम्हाला आकडा पाठ करायची गरज नाही. कागद कुठे मिळतो आणि त्यात काय शोधायचं ते येऊ दे.

आता प्रत्यक्ष पर्याय.

इंग्रजी ऐकायला जड जातं म्हणताय, तर सुरुवात मराठीतून करा आणि लाजू नका. बालभारतीची अकरावी-बारावीची राज्यशास्त्राची पुस्तकं सरकारी संकेतस्थळावर मोफत उतरवून घेता येतात. मुलगी आर्ट्सला असेल तर घरातच असतील. बारावीच्या पुस्तकातला १९९१ नंतरच्या जगाचा भाग आणि अकरावीतला राज्यघटनेचा भाग, एवढं दोन आठवड्यांत वाचून होतं. मोठ्या पगारावरचे लोक जे शब्द चुकीचे वापरतात ते तिथे नीट समजावलेले आहेत. त्याच्या पुढची पायरी म्हणून यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठाचं मराठी अभ्याससाहित्य आहे. इग्नूचं साहित्य 'ई-ज्ञानकोश'वर खुलं आहे, तेही चांगलं, पण ते इंग्रजी-हिंदीत आणि जरा कोरडं. एका बैठकीत दहा पानांपेक्षा जास्त वाचू नका, झोप लागेल.

मग 'स्वयम्'. केंद्र सरकारचं हे व्यासपीठ २०१७ पासून आहे. जानेवारी आणि जुलै अशी दोन सत्रं. नावनोंदणी फुकट, परीक्षा द्यायची तरच वेगळं शुल्क. भारताचं परराष्ट्र धोरण, आंतरराष्ट्रीय संबंधांची ओळख, भारतीय शासन आणि राजकारण असे विषय तिथे फिरून फिरून येतात. दर्जा शिकवणाऱ्यावर आहे. काही प्राध्यापक कॅमेऱ्यासमोर स्वतःच्याच नोट्स वाचतात. नोंदणीआधी पहिल्या आठवड्याचा एक व्हिडिओ बघा, दहा मिनिटांत कळतं. जानेवारीचं सत्र सोलापूरकराने शक्यतो टाळावं असं माझं मत आहे. गड्ड्याची यात्रा, मग लग्नसराई, मग बेचाळीस-त्रेचाळीस अंशांचं ऊन. जुलैमध्ये सुरू केलेले लोक शेवटपर्यंत टिकतात असं दिसतं.

कोर्सेरा आणि एडएक्सवर परदेशी विद्यापीठांचे कोर्स आहेत. काही बघायला फुकट, सर्टिफिकेटला पैसे. मांडणी देखणी असते, प्राध्यापक तयारीने आलेले असतात. अडचण वेगळीच. त्यातली उदाहरणं अटलांटिकच्या दोन काठांवरची. भारत एखाद्या आठवड्यात 'उगवती सत्ता' म्हणून येतो आणि जातो. तरी एखादा जरूर करा, कारण आपण त्यांना कसे दिसतो हेही कळायला हवं. तुमच्यासाठी एक सोय सांगतो: बहुतेक व्हिडिओंखाली बोलण्याची पूर्ण लेखी प्रत असते. आधी ती वाचा, अडलेले शब्द बघून घ्या, मग व्हिडिओ लावा. ऐकण्याची अडचण महिन्याभरात निम्मी होते.

ज्याच्यापासून सावध राहायला सांगतो तो चौथा प्रकार म्हणजे खासगी 'जिओपॉलिटिक्स क्रॅश कोर्स'. नकाशावर लाल-निळे बाण, मागे युद्धपटासारखं संगीत, आणि प्रत्येक घटनेमागे कुणाचा तरी 'मास्टरस्ट्रोक'. यांच्या जगात निर्णय नेहमी एकच हुशार माणूस घेतो, खातं, न्यायालय, अर्थसंकल्प, निवडणूक यांतलं काही आडवं येत नाही आणि आपला देश कधीच चुकत नाही. करमणूक म्हणून बघा, पैसे देऊ नका. ओळखायची खूण अशी: शिकवणारा कधी तरी 'याचं उत्तर दोन बाजूंनी देता येतं' म्हणतो का? 'माझा अंदाज इथे फसला होता' म्हणतो का? वर्षभरापूर्वीचे त्यांचे व्हिडिओ काढा आणि तेव्हाची भाकितं तपासा. तेवढं पुरतं. स्पर्धा परीक्षांच्या क्लासचे कोर्स फसवे नसतात, पण त्यांचा हेतू निराळा. तिथे मुद्दे लक्षात ठेवायला शिकवतात, आणि तुम्हाला तर मुद्दे पारखायचे आहेत.

कुठलाही कोर्स असो, अभ्यासक्रमाची यादी बघताना दोन गोष्टी तपासा. दर आठवड्याला निदान एक मूळ कागद वाचायला लावतात का, आणि काही लिहायला लावतात का. नुसत्या बहुपर्यायी प्रश्नांनी राजकारण शिकता येत नाही. दीडशे शब्दांत स्वतःचं मत मांडायचं आणि मग विरुद्ध बाजूचं मतही तितक्याच ताकदीने मांडायचं, हे ज्या कोर्सात आहे तो घ्या. आणि तयार कधी झाला ते बघा. २०२२ च्या आधी चित्रित झालेला कोर्स युरोपबद्दल बोलत असेल तर तो इतिहास म्हणून ऐका.

सिद्धांतांचं काय, असं कुणी ना कुणी विचारतंच. वास्तववाद, उदारमतवाद, रचनावाद. माझं मत जरा तिखट आहे: छोट्या कोर्सात सिद्धांत पहिल्या आठवड्यात ठेवणं म्हणजे लोकांना पळवून लावणं. चौथ्या आठवड्यात ठेवावेत, हातात चार-पाच प्रकरणं जमल्यावर. तेव्हा ते हत्यारासारखे वापरता येतात. आमच्याकडे मी डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचं उदाहरण घेतो. भैय्या चौकातलं त्यांचं स्मारक सगळ्यांनी बघितलंय, आत जाऊन वाचणारे थोडे. १९३८ मध्ये जपानशी लढणाऱ्या चीनला काँग्रेसने पाच डॉक्टरांचं पथक पाठवलं, त्यात हा सोलापूरचा मुलगा होता. भारत तेव्हा स्वतंत्र देशसुद्धा नव्हता, परराष्ट्र खातं इंग्रजांचं, आणि एक पक्ष स्वतःचं परराष्ट्र धोरण चालवत होता. कोटणीस ९ डिसेंबर १९४२ ला तिथेच गेले. वीस वर्षांनी भारत-चीन युद्ध झालं, तरी पुढे भारतात आलेले चिनी नेते कोटणीस कुटुंबीयांना भेटत राहिले. आता सांगा, सत्ता आणि स्वार्थ एवढ्यावर बोलणारा वास्तववाद यातलं किती उलगडतो? १९६२ बराच उलगडतो. त्या भेटी का चालू राहिल्या हे सांगताना त्याला घाम फुटतो. 'प्रतीकं स्वस्त असतात म्हणून' असं उत्तर एका बँकवाल्या काकांनी दिलं होतं. त्यावर वर्ग अर्धा तास भांडला आणि सिद्धांत समजला.

आणखी एक. आंतरराष्ट्रीय संबंध म्हणजे फक्त सीमा, सैन्य आणि व्यापार नव्हे. सोलापुरात हजारो बायका विड्या वळतात. जागतिक आरोग्य संघटनेचा तंबाखू नियंत्रणाचा करार २००३ मध्ये मंजूर झाला, भारताने २००४ मध्ये त्याला मान्यता दिली, २००५ पासून तो अमलात आहे. पाकिटावर मोठं सचित्र इशाऱ्याचं चित्र छापायचं, ते एप्रिल २०१६ पासून ८५ टक्के भागावर, या सगळ्याची मुळं त्या करारापर्यंत जातात. पण त्याच करारात १७ वं कलम आहे: तंबाखूवर पोट असणाऱ्या कामगारांना आणि शेतकऱ्यांना परवडणारा पर्यायी रोजगार मिळावा म्हणून सरकारांनी मदत करावी. इशाऱ्याचं कलम पाकिटापाकिटावर पोचलं. १७ वं कलम किती पोचलं हे शहराच्या पूर्व भागातल्या कुठल्याही विडी कामगार बाईला विचारा. करार सगळा एकसारखा अमलात येत नाही. ज्या कलमामागे रेटा असतो तेच पुढे सरकतं. हे एका दुपारी समजतं आणि मग पर्यावरणाचे, व्यापाराचे, कामगारांचे सगळे करार वाचायची नजर येते.

देशांतर्गत राजकारणाचा भाग वगळून थेट परराष्ट्र धोरणाकडे धावू नका. बरेच जण तसं करतात, कारण दूरच्या भांडणात आपलं काही जळत नाही. सोलापूरसारखी संघराज्य शिकायची जागा शोधून सापडणार नाही. तुमच्या कारखान्याच्याच रस्त्याने पुढे गेलं की अक्कलकोट. महाराष्ट्र-कर्नाटक सीमावादावरच्या महाजन आयोगाच्या १९६७ च्या अहवालात अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूरचा भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्याला द्यावा अशी शिफारस होती आणि निपाणी, खानापूर महाराष्ट्राला. महाराष्ट्राने अहवाल फेटाळला, २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दावा लावला. राज्यांची हद्द बदलायचा अधिकार घटनेच्या तिसऱ्या अनुच्छेदानुसार संसदेचा, राज्याराज्यांतला वाद थेट सर्वोच्च न्यायालयात १३१ व्या अनुच्छेदानुसार. वर्गात कानडी बोलणारे अक्कलकोटकर असतात, तेलुगू बोलणारे पद्मशाली असतात, आणि 'भाषा एक तर राज्य एक' हे सूत्र त्यांच्या देखत मांडताना भल्याभल्यांचा आवाज खाली येतो. पाण्याचंही तेच. भीमा ही कृष्णेची उपनदी, म्हणून उजनीचा हिशेब कृष्णा लवादात येतो. बच्छावत लवादाने महाराष्ट्राला ५६०, कर्नाटकाला ७०० आणि आंध्रला ८०० टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी ठरवून दिलं. हे समजलेला माणूस १९६० चा सिंधू करार आणि एप्रिल २०२५ मध्ये भारताने तो स्थगित ठेवल्याची बातमी वेगळ्या डोळ्यांनी वाचतो. राज्याराज्यांच्या भांडणात वर लवाद आणि न्यायालय असतं, देशादेशांच्या भांडणात वर कुणीच नसतं. आंतरराष्ट्रीय संबंधांच्या पुस्तकात ज्याला 'अराजक' म्हणतात ते एवढंच.

एकट्याने शिकू नका, हेही सांगतो. चार-पाच जण जमवा. पण सगळे एकाच पक्षाचे नकोत, नाहीतर भजनी मंडळ होईल. हिराचंद नेमचंद वाचनालयात बसा, कारखान्यात बसा, कुठेही. २ मार्च २०२२ चं उदाहरण घ्या. युक्रेनवरच्या ठरावावर संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत १४१ देश बाजूने, ५ विरोधात आणि ३५ तटस्थ राहिले. भारत त्या ३५ मध्ये. यावर मत सगळ्यांचं असतं. पण मतदानानंतर भारताने का तटस्थ राहिलो याचं निवेदन दिलं, ते वाचलेला माणूस मला क्वचित भेटतो. त्यात सार्वभौमत्वाचा आणि प्रादेशिक अखंडतेचा आदर हे शब्द आहेत, आणि खारकीव्हमध्ये अडकलेल्या भारतीय विद्यार्थ्यांना बाहेर काढायची निकडही आहे. महाराष्ट्रातली मुलं तिथे वैद्यकीय शिकायला होती, त्यांचे आईवडील त्या दिवशी फोनला डोळे लावून होते. निवेदन वाचल्यावर तुमचं मत बदलेलच असं नाही, पण 'घाबरले' आणि 'वाह काय चाल' ही दोन्ही वाक्यं तोंडातून निघेनाशी होतात.

घरबसल्या करायचा सोपा सराव म्हणजे संसदेतली प्रश्नोत्तरं. लोकसभेच्या संकेतस्थळावर ती शोधता येतात. तुमच्या खासदाराचं नाव टाका, 'टेक्स्टाइल' टाका, 'सोलापूर' टाका. मंत्री काय उत्तर देतात आणि काय टाळतात ते बघा. आठवड्याला एक उत्तर वाचलं तरी महिनाभरात सरकारी भाषेतलं 'योग्य ती कार्यवाही' कशाला म्हणतात ते पक्कं कळतं.

पैशांचं सांगायचं तर पहिल्या दोन महिन्यांत एक रुपयाही खर्चू नका. फुकटचा कोर्स पूर्ण झाला तर पुढे पैसे भरून करायचा विचार. पैसे भरले की शिस्त लागते असं म्हणतात; माझ्या पाहण्यात पैसे भरून सोडणारेही भरपूर आहेत. शिस्त लागते ती चार माणसं शनिवारी वाट बघतात म्हणून. सर्टिफिकेट तुमच्या धंद्यात कुणी विचारणार नाही. पत्रकार, शिक्षक, सामाजिक संस्थेत काम करणारे यांना बायोडाटात एक ओळ मिळते, तेवढाच उपयोग. निर्यातीचे कागद, शुल्क, एचएस कोड (मालाच्या वर्गवारीचा क्रमांक) हे तुम्हाला धंद्यासाठी हवं असेल तर तो वेगळा विषय आहे, त्यासाठी निर्यात प्रक्रियेचा कोर्स करा. दोन्हींची गल्लत करू नका. तांबड्या समुद्रात २०२३ च्या नोव्हेंबरपासून जहाजांवर हल्ले सुरू झाले आणि बोटी आफ्रिकेला वळसा घालून जाऊ लागल्या, तेव्हा भाडं किती वाढलं हे तुमचा फॉरवर्डर सांगेल. ते किती महिने टिकेल याचा अंदाज बांधताना कुठल्या बातमीवर भरवसा ठेवायचा आणि कुठल्या नाही, एवढंच राजकारणाचा कोर्स शिकवू शकतो.

मुलीला जरूर बसवा, पण तिच्या बारावीच्या परीक्षेनंतर. आता तिचं पुस्तक तुम्ही मागून घ्या आणि अडेल तिथे तिलाच विचारा. तिला याच वाटेने पुढे जायचं असेल तर छोट्या कोर्सांची रांग लावून काही होत नाही. राज्यशास्त्रात किंवा दुसऱ्या कुठल्याही आवडीच्या विषयात पदवी नीट करू दे. परराष्ट्र सेवेत जायचं तर केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या परीक्षेला कुठलीही पदवी चालते, आणि पदव्युत्तर शिक्षणासाठी हैदराबाद, पुणे, दिल्लीची दारं आहेत. इंग्रजीबरोबर आणखी एक परकी भाषा तिने आत्ताच धरली तर उत्तम. सोलापूरच्या मुलांना तीन-चार भाषा कानावर पडलेल्या असतात, पाचवी त्यांना जड जात नाही.

जुलैच्या सत्राला अवकाश असेल तर तोवर त्या कांद्याच्या अधिसूचनेची प्रत काढून वाचा. विदेश व्यापार महासंचालनालयाच्या संकेतस्थळावर डिसेंबर २०२३ च्या अधिसूचनांत ती सापडेल. काही अडलं तर ओळ लिहून पाठवा.